शुश्रूषेचा गुण: जन्माचा की शिक्षणाचा?

रुग्णालयात पाऊल टाकले की दोन हाका सारख्या कानी पडतात. एक 'डॉक्टर' आणि दुसरी 'सिस्टर'. यांपैकी दुसरी हाक ऐकताच आपल्या डोळ्यांपुढे शुभ्र वेषातील एक स्त्री उभी राहते. हा शब्द मूळचा मठवासी भगिनींचा; तेथून तो रुग्णालयात आला आणि असा रुळला की त्याचे मूळही आपण विसरून गेलो. अलीकडे 'ब्रदर' या नावाने पुरुष परिचारकही तेथे वावरताना दिसतात. पण तो खाटेजवळ आला की नातेवाइकांच्या मुद्रेवर एक शंका उमटते. याला हे काम साधेल काय? आणि सिस्टर आली की दुसरीच समजूत पुढे होते. बाईमाणूस आहे, तिला हे आपसूकच येत असणार!

या शंकेच्या आणि या समजुतीच्या बुडाशी एकच प्रश्न आहे. शुश्रूषा हा स्त्रीचा उपजत गुण आहे, की शिकून अंगी बाणवायची ती एक विद्या आहे? प्रश्न केवळ वादासाठी नाही. त्याच्या उत्तरावर रुग्णाचा जीव अवलंबून असतो, आणि जी माणसे हे काम करतात त्यांचा मान आणि वेतनही अवलंबून असते. म्हणून आज या प्रश्नासंबंधी इतिहासाची साक्ष काढण्याचा विचार आहे.

पहिली साक्ष आपल्याच देशातील. चरकसंहितेच्या सूत्रस्थानात चिकित्सेचे चार पाय सांगितले आहेत: वैद्य, औषधद्रव्य, परिचारक आणि रोगी. चारांपैकी एक लंगडा झाला तरी चिकित्सा उभी राहत नाही. यांपैकी परिचारकाच्या अंगी चार गुण असावेत असे चरक म्हणतो. उपचारांचे ज्ञान, कामातील दक्षता, रुग्णाविषयी अनुराग आणि शुचिता, हे ते चार गुण. यांत अनुराग आहे, परंतु तो एकटा नाही. आणि यादीचा आरंभ तर ज्ञानापासून झाला आहे. सुश्रुताने परिचारक स्नेहाळ असावा, किळस न मानणारा असावा आणि बलवानही असावा असे सांगितले आहे. ज्याला आपण बाईचा गुण म्हणतो तो स्नेह आणि ज्याला पुरुषाचा गुण म्हणतो ते बळ, ही दोन्ही त्याने एकाच माणसाकडून मागितली. प्रसूतिगृहाचा प्रसंग आला तेव्हा मात्र चरकाने स्त्रियाच हव्यात असे म्हटले. पण तेथेही कोणतीही स्त्री त्याला चालत नाही. जिने स्वतः अनेक बाळंतपणे अनुभवली आहेत अशी जाणती स्त्री त्याला हवी. म्हणजे स्त्रीत्वाच्या जोडीला अनुभवाची अट आहेच.

आता युरोपकडे वळू. शुश्रूषा हे बायकांचे काम ही समजूत तिकडूनच आपल्याकडे आली असे मानले जाते. परंतु मध्ययुगात व त्यानंतरही कित्येक शतके रुग्णसेवेचा मोठा भार पुरुषांच्या संघांनी वाहिलेला आहे. पोर्तुगालमध्ये जन्मलेले संत जॉन ऑफ गॉड यांना स्पेनमधील ग्रानादा शहरात वेडे ठरवून कोंडण्यात आले होते. तेथे रुग्णांना मिळणारी निर्दय वागणूक त्यांनी स्वतः सोसली, आणि बाहेर पडल्यावर त्याच शहरात गोरगरिबांसाठी रुग्णालय काढले. १५५० साली ते निवर्तले; पुढे १५७२ मध्ये त्यांच्या अनुयायांच्या संघाला पोपची मान्यता मिळाली.

इटलीतील कामिल्लुस दे लेल्लिस यांची कथा याहूनही बोलकी आहे. १५५० साली जन्मलेला हा मनुष्य पेशाने शिपाई, व्यसनाने जुगारी. पायाच्या न भरणाऱ्या जखमेमुळे त्याला रोममधील सान जाकोमो रुग्णालयाची पायरी चढावी लागली. भाडोत्री नोकर रुग्णांची कशी हेळसांड करतात हे तेथे त्याने पाहिले. पुढे त्याने पुरुष सेवकांचा संघ उभारला. १५८६ मध्ये त्याला मान्यता मिळाली, आणि काळ्या झग्यावरील तांबडा क्रूस ही त्या संघाची खूण ठरली. या संघासाठी कामिल्लुसने रुग्णसेवेचे नियम लिहून काढले. त्यांतील मुख्य अपेक्षा अशी की, आजारी पडलेल्या एकुलत्या लेकराची सेवा आई ज्या मायेने करते त्या मायेने प्रत्येक बांधवाने रुग्णाची सेवा करावी. हे नियम दाढीमिशा असलेल्या पुरुषांसाठी होते, हे विसरून चालणार नाही. आईची माया पुरुषाला शिकता येते, नियमांनी आणि अभ्यासाने ती अंगी मुरवता येते, असा त्या माजी शिपायाचा विश्वास होता. १९३० मध्ये पोप अकरावे पायस यांनी परिचारक-परिचारिकांचे आश्रयदाते म्हणून याच दोन पुरुष संतांची नावे जाहीर केली.

आपल्या गोव्यातही या परंपरेचे एक पान आहे. जुन्या गोव्यातील राजरुग्णालयाची स्थापना आफोन्सो द आल्बुकेर्क याच्या काळातली. पोर्तुगीज शिपाई आणि खलाशी यांच्यासाठी ते होते आणि पुढे त्याची व्यवस्था जेझुइट पाद्र्यांकडे आली. पिरार द लाव्हाल नावाचा फ्रेंच प्रवासी १६०२ साली मालदीव बेटांजवळ जहाज फुटल्यामुळे अडकून पडला होता. १६०८ मध्ये तो आजारी अवस्थेत गोव्यास पोहोचला आणि या रुग्णालयात दाखल झाला. तेथील स्वच्छता, चिनी मातीच्या थाळ्यांतून मिळणारे जेवण, दिवसातून दोन वेळा होणारी वैद्यांची फेरी, हे सर्व पाहून तो इतका चकित झाला की, जगात याच्या तोडीचे रुग्णालय नसेल असे त्याला वाटले. ही कीर्ती पुरुषांच्या हातून झालेल्या सेवेची होती. पण त्याच शतकाच्या मध्यास आलेला दुसरा फ्रेंच प्रवासी ताव्हेर्निये याने अगदी उलट चित्र रेखाटले आहे. कारभार बदलला आणि रुग्णांची आबाळ होऊ लागली, अशी त्याची तक्रार आहे. इमारत तीच, गाव तेच, सेवा करणारेही पुरुषच. ढिलाई आली ती शिस्तीत आणि देखरेखीत.

स्त्रियांच्या बाजूनेही अशीच जोडी दाखवता येते. १६३३ साली फ्रान्समध्ये संत व्हिन्सेंट द पॉल आणि लुईज द मारियाक यांनी सेवाभगिनींचा संघ स्थापन केला. या भगिनी मठाच्या भिंतींबाहेर पडून रुग्णांच्या दारी जात. त्यांना शिक्षण होते, नियम होते, देखरेख होती. त्यांनी युरोपभर नाव मिळवले. उलट एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात इंग्लंडमधील भाडोत्री परिचारिकांची दशा इतकी वाईट होती की, चार्ल्स डिकन्सने आपल्या 'मार्टिन चझलविट' या कादंबरीत सेरी गँप नावाची मद्यपी, बेपर्वा परिचारिका रंगवली आणि ते नाव लोकांच्या तोंडी बसले. श्रोतेहो, सेरी गँप ही स्त्रीच होती. स्त्रीत्व पुरेसे असते तर डिकन्सला हे पात्र सुचलेच नसते.

आता या कथेच्या मध्यभागी येऊ. फ्लॉरेन्स नाइटिंगेल हे नाव शाळकरी मुलांनाही ठाऊक असते. हाती दिवा घेऊन रात्री जखमी शिपायांच्या खाटांमधून फिरणारी ती स्त्री आपण चित्रांत पाहिलेली असते. १८५१ साली जर्मनीतील कैसर्सवेर्थ येथे तिने काही महिने शिक्षण घेतले होते. क्रिमियाचे युद्ध सुरू झाल्यावर ३८ परिचारिका घेऊन ती नोव्हेंबर १८५४ मध्ये तुर्कस्तानातील स्कुतारी येथे पोहोचली. त्यांत कॅथॉलिक जोगिणी होत्या, अँग्लिकन भगिनी होत्या, रुग्णालयांतील पगारी परिचारिकाही होत्या. मायेला कमी नव्हती, कष्टांना सीमा नव्हती. अन्न आले, स्वच्छ कपडे आले, मलमपट्टीचे सामान आले. तरीही मृत्यू थांबले नाहीत. उलट वाढतच गेले. फेब्रुवारी १८५५ मध्ये उपचार घेणाऱ्या शंभरांपैकी सुमारे ४२ शिपाई दगावत होते.

मार्च महिन्यात विलायतेहून आरोग्य आयोग आला. ती बराक तुंबलेल्या गटारांवर उभी होती. आयोगाने गटारे धुऊन काढली, मेलेली जनावरे हलवली, हवेला वाट करून दिली, भिंतींना चुना लावला. जूनपर्यंत मृत्यूचे प्रमाण शंभरी दोनवर आले. ऋतू पालटला होता, हेही एक कारण धरले पाहिजे; पण एवढ्या मोठ्या उताराचा उलगडा केवळ ऋतूने होत नाही. युद्ध संपल्यावर संख्याशास्त्रज्ञ विल्यम फार यांच्या साहाय्याने नाइटिंगेलबाईंनी सारे आकडे पुन्हा तपासले, तेव्हा त्यांना हे सत्य उमगले. शिपाई केवळ उपासमारीने आणि थकव्याने मरतात असे त्या पूर्वी समजत होत्या. पण त्यांना मारत होती ती रुग्णालयातील घाण. फेब्रुवारीत ज्या स्त्रिया होत्या त्याच जूनमध्ये होत्या. त्यांची माया वाढली नव्हती की कमी झाली नव्हती. बदल झाला तो स्वच्छतेच्या ज्ञानात आणि त्या ज्ञानाच्या अंमलबजावणीत. आपल्या प्रश्नाचा इतका स्पष्ट निकाल देणारे दुसरे उदाहरण शोधून सापडणे कठीण.

हा धडा घेऊनच त्या पुढल्या कामाला लागल्या. लोकांनी जमवलेल्या ४४ हजार पौंडांहून अधिक निधीतून १८६० साली लंडनच्या सेंट टॉमस रुग्णालयात परिचारिकांची शाळा निघाली. तेथे प्रत्येक विद्यार्थिनीचा मासिक तक्ता ठेवला जाई. एका बाजूस वक्तशीरपणा, शांतपणा, विश्वासूपणा, नीटनेटकेपणा अशा स्वभावगुणांचे रकाने. दुसऱ्या बाजूस जखम बांधणे, जळवा लावणे, बस्ती देणे, रुग्णाचे निरीक्षण करणे अशा कौशल्यांचे. जे उपजत आहे त्याची अशी महिन्यामहिन्याला परीक्षा कोणी घेत नाही. शुश्रूषा ही मोजता येणारी, शिकवता येणारी विद्या आहे, हे त्या तक्त्यानेच मान्य केले.

आणि तरीही, श्रोतेहो, याच शाळेपासून एक विसंगती सुरू झाली. नाइटिंगेलबाईंनी शुश्रूषेला शिक्षणाचा पाया दिला, पण तिचे दार स्त्रियांपुरतेच उघडे ठेवले. त्या काळी यात एक मोठा लाभ होता. घराबाहेर अब्रूने काम करण्याची वाट मध्यमवर्गातील मुलींना यामुळेच सापडली. पण लाभाबरोबर तोटाही आला. सद्गुणी स्त्री म्हणजेच उत्तम परिचारिका, असे समीकरण बनले. पुरुष बाहेर पडले आणि आत राहिलेल्या स्त्रियांच्या कौशल्याला 'स्वभाव' हे नाव मिळाले.

पुरुषांना बाहेर ठेवण्याचे काम मग कायद्यांनी आणि नियमांनी केले. इंग्लंडमध्ये १९१९ च्या कायद्याने परिचारिकांची नोंदवही सुरू झाली. तिचा मुख्य भाग स्त्रियांचा होता आणि पुरुषांची नावे निराळ्या पुरवणी भागात टाकली गेली. हा भेद १९४९ मध्ये मिटला. तेथील परिचारिकांच्या रॉयल कॉलेज या संस्थेने पुरुषांना सभासदत्व दिले ते १९६० मध्ये. अमेरिकेत न्यूयॉर्कच्या बेलव्ह्यू रुग्णालयात १८८८ सालीच पुरुष परिचारकांसाठी शाळा निघाली होती. पण १९०१ मध्ये सैन्याचे परिचारिका दल स्थापन झाले ते केवळ स्त्रियांसाठी. परिणाम असा झाला की, दुसऱ्या महायुद्धात शिकलेले पुरुष परिचारक साध्या शिपायांच्या पंगतीत राहिले आणि परिचारिका अपुऱ्या पडल्या तरी त्यांच्या विद्येचा योग्य उपयोग झाला नाही. १९५५ मध्ये कायदा बदलला, तेव्हा कुठे पहिल्या पुरुष परिचारकाला त्या दलात अधिकारपद मिळाले. १९८२ साली मिसिसिपी राज्यातील स्त्रियांच्या विद्यापीठाने एका पुरुषाला परिचर्येच्या शाळेत प्रवेश नाकारल्याचा वाद अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयापुढे गेला. न्यायालयाने पाच विरुद्ध चार मतांनी त्या पुरुषाच्या बाजूने निकाल दिला. निकालपत्र लिहिणाऱ्या न्यायमूर्ती सँड्रा डे ओकॉनर या स्वतः स्त्री होत्या. पुरुषांना वगळल्यामुळे शुश्रूषा हे बायकांचेच काम ही जुनी समजूत पक्की होते, असे त्यांनी दाखवले. आणि अशा वगळण्यामुळे परिचारिकांचे वेतनही दबून राहिल्याचे मत त्या व्यवसायातील जाणत्यांनी मांडले आहे, याचीही त्यांनी नोंद घेतली.

आपल्या देशात ही विद्या दोन वाटांनी आली: सैन्याच्या वाटेने आणि मिशनच्या वाटेने. मार्च १८८८ मध्ये लष्करी रुग्णालयांसाठी दहा शिकलेल्या इंग्रज परिचारिका मुंबई बंदरात उतरल्या. मिशन रुग्णालयांनी देशी मुलींना शिकवण्यास आरंभ केला. मिरजेत डॉ. वानलेस यांचे रुग्णालय १८९४ पासून उभे राहिले, ते बेळगावकडील रुग्णांनाही जवळचे. पण परक्याच्या देहाला स्पर्श, मलमूत्राचे काम, रात्रपाळी, यांमुळे उच्चवर्णीय समाज आपल्या मुली या कामास पाठवेना. त्यामुळे कित्येक वर्षे बहुसंख्य परिचारिका ख्रिस्ती समाजातून आल्या. १९०९ मध्ये स्थापन झालेल्या पुण्याच्या सेवासदनाने हा बांध फोडण्याचा यत्न केला. रमाबाई रानडे आणि गोपाळ कृष्ण देवधर यांच्या प्रयत्नांनी मराठी स्त्रिया, त्यांत विधवाही, ससून रुग्णालयात परिचर्या शिकू लागल्या. येथे एक गोष्ट ध्यानात घ्यावी. ज्या समाजाने घरातील आजाऱ्यांची सेवा सर्वस्वी स्त्रीवर टाकली होती, त्याच समाजाला तीच सेवा रुग्णालयात शिकून, वेतन घेऊन करणे कमीपणाचे वाटत होते. 'उपजत गुणा'ची थोरवी गाणे आणि त्या कामाला मान देणे या दोन निराळ्या गोष्टी आहेत, हे यावरून दिसते.

या उपेक्षेचा हिशेब भोर समितीच्या १९४६ च्या अहवालात सापडतो. त्या वेळी ब्रिटिश हिंदुस्थानात सुमारे सात हजार परिचारिका होत्या. म्हणजे त्रेचाळीस हजार लोकांमागे एक. त्याच वर्षी दिल्ली व वेल्लोर येथे परिचर्येचे पदवी शिक्षण सुरू झाले आणि १९४७ च्या कायद्याने भारतीय परिचर्या परिषद आली. पुरुषांनाही हळूहळू प्रवेश मिळाला. प्रारंभीच्या काळात त्यांना प्रसूतिशास्त्राऐवजी मानसरोगांच्या परिचर्येसारखा दुसरा विषय शिकावा लागे. बळकट हात वेड्यांच्या इस्पितळात उपयोगी, ही कल्पना त्यामागे होती.

शिक्षणाने रुग्णाला खरोखर किती लाभ होतो, याचे मोजमाप आपल्या काळात झाले आहे. लिंडा एकेन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी युरोपातील नऊ देशांच्या तीनशे रुग्णालयांतील चार लाखांहून अधिक शस्त्रक्रिया झालेल्या रुग्णांची माहिती तपासली. २०१४ साली प्रसिद्ध झालेला त्यांचा निष्कर्ष असा: परिचर्येत पदवीधरांचे प्रमाण शेकडा दहाने वाढलेले असेल तेथे तीस दिवसांत रुग्ण दगावण्याची शक्यता सात टक्क्यांनी कमी आढळते, आणि प्रत्येक परिचारिकेवर एका जादा रुग्णाचा भार पडला तर ती शक्यता सात टक्क्यांनी वाढते. अशा पाहणीतून कार्यकारणसंबंध पूर्णपणे सिद्ध होत नाही, हे मान्य. तथापि रुग्णांच्या व रुग्णालयांच्या परिस्थितीतील फरक हिशेबात धरूनच हे आकडे काढलेले आहेत, आणि स्कुतारीच्या धड्याशी ते जुळतात.

राहिला स्त्रीत्व-पुरुषत्वाच्या जाणिवेचा प्रश्न. अमेरिकेतील मानसशास्त्रज्ञ सँड्रा बेम यांनी १९७४ मध्ये साठ गुणांची एक यादी तयार केली. त्यांतील वीस गुण समाज पुरुषी मानतो, वीस बायकी मानतो, आणि उरलेले वीस दोहोंकडचे. त्यांचा मुद्दा असा की, पुरुषीपणा आणि बायकीपणा ही एकाच दांडीची दोन टोके नव्हेत. एकाच माणसात खंबीरपणा आणि कोमलता दोन्ही भरपूर असू शकतात. जखमेची पट्टी काढताना हात हळुवार लागतो. पण रक्तस्राव सुरू झाला तर त्याच हाताला क्षणात खंबीर व्हावे लागते. सुश्रुताने स्नेह आणि बळ एकत्र मागितले होते, त्याचा अर्थ हाच.

मात्र दार उघडले म्हणजे न्याय झाला असेही नाही. समाजशास्त्रज्ञ क्रिस्टिन विल्यम्स यांनी १९९२ मध्ये दाखवून दिले की, स्त्रियांच्या मानल्या गेलेल्या व्यवसायांत शिरलेल्या पुरुषांना वरच्या जागांकडे लवकर ढकलले जाते. त्यांच्या स्त्रीसहकारी मात्र खाटेजवळच राहतात. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२० च्या अहवालानुसार जगातील सुमारे २ कोटी ८० लाख परिचारिकांपैकी शेकडा नव्वद स्त्रिया होत्या. म्हणून बढतीतला हा अन्याय लहानसा नव्हे. दुसरीकडे, आपल्या देशात अखिल भारतीय आयुर्विज्ञान संस्थांसाठी २०१९ मध्ये परिचर्येच्या ऐंशी टक्के जागा स्त्रियांकरिता राखण्याचा निर्णय झाला, आणि पात्र पुरुष उमेदवारांनी त्याविरुद्ध न्यायालयाची वाट धरली. स्त्रीरुग्णाचा संकोच हा खराच विचार करण्याजोगा विषय आहे. तिला स्त्रीपरिचारिका मिळाली पाहिजे आणि पुरुषरुग्णाचा संकोचही तितकाच मानला पाहिजे. पण ती रुग्णाच्या मनाची सोय झाली. तिच्यावरून कामाच्या योग्यतेचा निवाडा करणे योग्य नाही.

श्रोतेहो, आपण दोन प्रकारे चुकतो. पुरुष परिचारकाला पाहून बिचकतो तेव्हा आपण कामिल्लुसला आणि गोव्याच्या जुन्या राजरुग्णालयाला विसरतो. आणि सिस्टरचे काम तिच्या बाईपणाच्या खात्यावर मांडतो तेव्हा तिच्या तीन-चार वर्षांच्या अभ्यासाला आणि रात्रपाळ्यांना शून्य किंमत देतो. ज्या गुणाला आपण निसर्गाची देणगी म्हणतो, त्याला वेतन द्यावे असे आपल्याला वाटत नाही, आणि त्याच्या शिक्षणावर पैसा खर्चावा असेही वाटत नाही. मग एका परिचारिकेवर वीस-वीस रुग्ण सोपवून आपण निश्चिंत होतो, आणि त्याची किंमत शेवटी खाटेवरच्या माणसाला मोजावी लागते.

म्हणून आपल्या घरचे माणूस रुग्णालयात असेल तेव्हा सेवा करणारे बाई आहे की बुवा, हे विचारण्याआधी चरकाचे चार प्रश्न विचारावेत. यांना उपचार ठाऊक आहेत काय? हात सफाईचा आहे काय? रुग्णाविषयी आस्था आहे काय? स्वच्छता पाळली जाते काय? आणि पाचवा प्रश्न आपण आपल्यालाच, आपल्या नगरपालिकेला आणि सरकारला विचारावा: हे चार गुण शिकवण्याची, टिकवण्याची आणि त्यांचा मोबदला देण्याची काय व्यवस्था आपण केली आहे?